खिळ्यावरचा नोन

झोहराला टाळण्याचा तो तिसरा दिवस होता. ज्या बाईचं दार आपल्या दारासमोर आहे तिला तीन दिवस टाळणं किती कष्टाचं असतं, ते इथे आखातात, माहूजच्या फ्लॅटांत राहिलेल्यांनाच कळेल. तिच्या कुलपाचा आवाज आला की मी चप्पल पायात घालून तशीच आत उभी राहायची आणि लिफ्ट खाली गेली की निघायची. ऑफिसची गाडी दोनदा माझ्यासाठी खोळंबली. एकोणीस वर्षांत असं पहिल्यांदाच झालं, म्हणून ड्रायव्हरने विचारलं, "मॅडम, तबियत?" मी म्हटलं, "तबियत ठीक, पडोसन ठीक नाही." ते त्याला कळलं नाही, आणि कळू नये असंच होतं.

आमच्या फ्रिजवर एक अख्खा नोन होता. नोन म्हणजे उझबेकांची तंदुरातली जाडजूड भाकरी. कडेला उशीसारखी फुगलेली, मधे चेपून नक्षी काढलेली, वरून काळे तीळ. माझ्या नवऱ्याने, रुपेशने, स्वतःच्या हाताने केलेल्या कागदात ती गुंडाळलेली होती. झोहराच्या आईने समरकंदहून ती आमच्याबरोबर लेकीसाठी पाठवली होती. फ्रिजपासून झोहराचं दार सहा-सात पावलांवर. अवघड होतं ते भाकरीबरोबर सांगायचं वाक्य.

झोहरा पस्तिशीची. उम्म अल हस्सम भागात एका शिलाईच्या दुकानात लोकांचे कपडे आखूड-लांब करून देते. समरकंद सोडून तिला चार वर्षं झाली. तिकडे आपल्या टीव्हीवरच्या मालिका फार चालतात म्हणे. त्या बघून बघून तिने हिंदी उचललं, त्यामुळे ती दूध उतू गेलं तरी "अनर्थ हो गया" म्हणते आणि आईला "माताजी". मला ती आपा म्हणते, त्यांच्यात मोठ्या बहिणीला तसंच म्हणतात.

माझा धंदा मोजण्याचा. मीना सलमान बंदरावर सुट्या भागांचं गोदाम आहे, तिथलं स्टोअर मी सांभाळते. कुठला व्हॉल्व्ह कुठल्या फडताळात, किती आले, किती गेले, शेवटचं कधी हलले. ही सवय घरी आल्यावर काढून ठेवता येत नाही. माणसंही मी तशीच मोजते. झोहरा चार वर्षांत एकदाही घरी गेली नव्हती. या काळात "अगले साल जाऊँगी" चार वेळा झालं होतं, "ईद के बाद" सहा वेळा आणि "इंशाल्ला" बेहिशेबी. का जात नाही, ते मी विचारलं नव्हतं. ज्याच्या तोंडी इतक्या तारखा असतात, त्याला कारण विचारायचं नसतं.

आम्ही समरकंदला गेलो ते रुपेशमुळे. रुपेश ड्रॉइंग ऑफिसात. उमेदीची वर्षं त्याने मोठ्या कागदांवर पाइपलाइनी काढल्या, मग कागद गेले आणि स्क्रीन आले. तेव्हापासून हा माणूस घरात कुठल्याही कागदाला उगाच हात लावून बघतो, अगदी मिठाईच्या खोक्यालासुद्धा. समरकंदजवळच्या एका गावात तुतीच्या सालीपासून कागद करतात आणि पाहुण्यांनाही शिकवतात, हे त्याने मोबाइलवर पाहिलं आणि म्हणाला, "औंदा अकोल्याले नाही गेलो तर चालन काय वो?"

लग्नाला वीस वर्षं झाल्यावर माणसाने एक हट्ट केला, तो मी मंजूर केला. झोहराला कळल्यावर तिने हॉटेल रद्द करायला लावलं. "माताजी के रहते हॉटेल? यह पाप मैं नहीं होने दूँगी." स्वतः मात्र आली नाही. "आप हो आइए, आपा. अगले साल मैं." म्हणजे "अगले साल" पाचव्यांदा.

तिची आई एकटी राहते. ठेंगणी, रुंद, डोक्याला फुलाफुलांचा रुमाल. तिला हिंदी नाही, आम्हाला उझबेक नाही. मधे आमची लेक मैत्री, वय पंधरा, मोबाइलवर भाषांतर करून वाचून दाखवणार, तेही अर्धं इंग्रजीत. पण तंदुरापाशी भाषा लागली नाही. रुपेश सकाळी कागदाला जायचा आणि मी अंगणात आईच्या हाताखाली.

पहिल्याच दिवशी मी नोन पालथा ठेवला, तर हातावर चापट. भाकरी पालथी ठेवायची नाही. मधला भाग चेपायला त्यांच्याकडे लाकडी मुठीचा ठसा असतो, खाली टोकदार तारांचं फूल. त्याने टोचून टोचून मधला भाग बसवायचा म्हणजे तो फुगत नाही. आपल्याकडे भाकरी फुगली नाही तर सासू बोलते, इथे मधे फुगली तर. मग नोनच्या पाठीला पाणी लावायचं, दंडापर्यंत जाड बाही चढवायची, तंदुरात वाकायचं आणि भिंतीला थापायचं. निखाऱ्याची धग तोंडावर आली की माणूस आपोआप मागे सरतो, आणि मागे सरला की हात अर्धवट लागतो. माझे अकरापैकी तीन नोन निखाऱ्यात पडले. प्रत्येक वेळी आई काहीतरी म्हणायची. मैत्रीने वाचून दाखवलं, "आई, ती म्हणते, भीती वाटली तर आधी घाबरून घे, मग थाप. दोन्ही टुगेदर नको."

तिकडे रुपेश साली सोलत होता, शिजवत होता. ओढ्यावरच्या पाणचक्कीचे दांडे त्या शिजलेल्या सालींचा लगदा करायचे आणि तो लगदा पाण्यात कालवून चाळणीवर अलगद उचलायचा. कागद वाळला की गुळगुळीत दगडाने घासायचा, चकाकी येईपर्यंत. एक कागद त्याने दीड तास घासला. मी शेजारी बसून वेळ लावला होता. म्हटलं, "वीस वर्षांत माझ्याकडे एवढा वेळ पाहिलं का हो कधी?" तर म्हणतो, "तू चकाकतेसच, घासाचं काय काम." सात कागद झाले त्याचे. फाटले किती, ते त्याने सांगितलं नाही. मी मोजले होते, पण राहू दे.

चूक झाली पाचव्या दिवशी सकाळी. रात्री आमचं विमान होतं. पाच दिवस या बाईच्या हातचं खाल्लं, तर एक न्याहारी आपल्या हातची घालावी, असं मनात आलं. माझ्याकडे मोहरी, हळद, तिखट आणि वाळवलेला कढीपत्ता होताच. अकोल्याची बाई चंद्रावर निघाली तरी फोडणीचं सामान घेऊन निघेल. आई दुधाला बाहेर गेली होती.

स्वयंपाकघराच्या दाराजवळ खिळ्याला पातळ कपड्यात एक नोन लटकत होता. पहिल्या दिवसापासून मी तो पाहत होते. लाकडासारखा वाळलेला, कडेचा एक घास खाल्लेला, बाकी तसाच. पाच दिवसांत त्याला कुणी हात लावला नव्हता. माझ्या गोदामात न हलणाऱ्या मालाला डेड स्टॉक म्हणतात आणि वर्षाला एकदा मी तो निर्दयपणे काढते. त्यात घरी शिळ्या पोळीचा कुस्करा करत वाढलेली मी. अन्न वाया जातंय हे बघवेना. एक गोष्ट मात्र माझ्या नजरेतून सुटली. नोन जुना होता, पण कपडा पांढराशुभ्र, नुकता धुतलेला. गोदामात एवढी चूक ज्युनिअरने केली असती तर मी त्याला उभं केलं असतं.

मी तो नोन खलबत्त्यात कुटला, पाण्याचा हबका मारला, कांदा, मोहरी, हळद, तिखट, शेंगदाणे. घरभर वास सुटला. रुपेश म्हणाला, "बाप्पा, घरी आल्यासारखं वाटलं." आई आली, हात छातीवर ठेवून कौतुकाने मान हलवत बसली आणि दोन चमचे खाल्ले. तिसरा तोंडाशी नेताना तिचं लक्ष खिळ्याकडे गेलं.

ओरडली असती तर बरं झालं असतं. तिने चमचा ताटलीत ठेवला, उठली आणि रिकाम्या खिळ्याला हात लावून पाहिलं, जसं अंधारात बटण चाचपतो तसं. मग मैत्रीच्या मोबाइलमध्ये हळूहळू बोलली. मैत्रीने वाचलं आणि पहिल्यांदाच सगळं मराठीत सांगितलं.

"आई, झोहरामावशी घरातून निघाली ना, तेव्हा तिने त्याचा घास घेतला होता. इथे दूर जाणारा माणूस एक घास खातो आणि उरलेला घरचे टांगून ठेवतात. परत आल्यावर त्यानेच संपवायचा. म्हणजे तो येतोच."

रुपेशच्या वाटीत तेव्हा दुसऱ्यांदा वाढलेला कुस्करा होता. तो तसाच राहिला.

दुपारी आईने एकच नोन भाजला. मला तंदुरापाशी बोलावलं नाही. निघताना तो माझ्या हातात दिला आणि मोबाइलमध्ये म्हणाली: खरं काय ते तिला सांग. याचा एक घास तिला घ्यायला लाव आणि कुणी इकडे येणारं असलं की परत पाठव. टॅक्सीत रुपेशने आपले तीन कागद काढले आणि त्यांत तो नोन गुंडाळला. दीड तास घासलेला कागद सगळ्यांत वर.

तर असा तो फ्रिजवर होता, आणि मी दाराआड.

तिसरा दिवस शुक्रवार होता, सुट्टीचा. दुपारी झोहरानेच दार वाजवलं. पळायला जागा नव्हती.

"आपा, आप मुझसे मुँह क्यों फेर रही हैं?" आत येऊन ती सोफ्यावर बसली. "और माताजी भी. हर जुम्मे को वीडियो करती हैं. आज बोलीं, कैमरा खराब है. मेरी माताजी को झूठ बोलना नहीं आता, आपा. वहाँ क्या हुआ? तबियत?"

"तबियत एकदम ठीक," मी म्हटलं. "बैठ. चाय?"

"चाय नहीं. सच."

मैत्री आतून म्हणाली, "आई, जस्ट टेल हर ना." रुपेश पेपर घेऊन बसला होता, तो पेपर त्याने तोंडासमोर धरला. संकटाच्या वेळी नवऱ्याने कागदाचा असा उपयोग करावा, हेही मी मनात टिपून ठेवलं.

मग मी सांगितलं. खिळा, कपडा, खलबत्ता, मोहरी. काही वगळलं नाही. कुस्करा या शब्दाला हिंदी सापडेना, तेव्हा हाताने कुस्करून दाखवलं. झोहरा माझ्या हाताकडेच बघत होती.

"किसने खाया?"

"मी थोडा. मैत्रीने अर्धी वाटी. माताजींनी दोन चमचे, त्यांना माहीत नव्हतं. आणि यांनी..."

"दीड वाटी," पेपरामागून आवाज आला. "मले काय मालूम होतं, झोहराबहन. माफ करना."

मी फ्रिजवरचा नोन आणून तिच्या मांडीवर ठेवला आणि आईचा निरोप सांगितला. तिने कागद सोडले, एकेक, घडी न मोडता. नोन नाकाशी धरला. बराच वेळ तसाच धरून ठेवला. मग तोंडाशी नेला. खरं सांगायचं तर मला तिच्यापेक्षा माझीच काळजी जास्त होती. तिने एक घास घेतला की माझी चूक भरून निघणार होती.

तिने नोन खाली घेतला.

"नहीं, आपा. यहाँ नहीं काट सकती."

"का गं? दात दुखतो?"

"जिस चौखट पर काटो, लौटकर उसी चौखट पर आना पड़ता है. इधर काटूँगी तो वापस इधर ही आऊँगी. माताजी भी जानती हैं. घबराहट में भूल गई होंगी."

हिशेब इतका सरळ होता की तो माझ्यासारखीला आधीच दिसायला हवा होता.

"हर जुम्मे को माताजी फोन दीवार की तरफ घुमाती थीं," ती म्हणाली. "बोलती कुछ नहीं थीं. बस दिखाती थीं कि है. और मैं देखकर सोचती थी, है ना, तो फिर क्या जल्दी? मेरा आधा हिस्सा तो घर पर टँगा ही है." ती थोडी हसली. "पति ने छोड़ा, तब मोहल्ले ने बहुत बातें कीं. मैं बोलकर निकली थी, सिर उठाकर लौटूँगी. चार साल से सोच रही हूँ, कितना उठाऊँ कि काफी हो."

रुपेशने पेपर खाली केला. "अवो, मान तं मान आहे," तो म्हणाला. "जेवढी आहे तेवढीच वर होते." मी ते हिंदीत सांगितलं. झोहराने त्याच्याकडे बघितलं, मग नोन पुन्हा कागदात गुंडाळला, होता त्याच क्रमाने.

"अब दीवार खाली है, आपा," दाराशी जाऊन म्हणाली. "खाली दीवार माताजी कितने जुम्मे देखेंगी?"

तिने रजा मागितली. दुकानाच्या मालकाने ईदची गर्दी उरकू दे म्हटलं, ती उरकली आणि एक महिना मिळाला. "ईद के बाद" सातव्यांदा म्हटलं गेलं आणि पहिल्यांदा खरं झालं. आईचा नोन तिने घास न घेता सांभाळला. तो बरोबर न्यायचा आणि दोघींनी बसून संपवायचा, असं ठरलं.

पण सामान बांधताना ती आमच्या स्वयंपाकघरात येऊन उभी राहिली. "आपा, आप मेरे लिए एक बनाइए. इस चौखट के लिए."

आमच्या गल्लीत खुब्जची, म्हणजे अरबी रोटीची, बेकरी आहे. तंदूर चालवणारे इलियासभाई अफगाणिस्तानचे. दुपारी तासभर बंद ठेवतात, त्या वेळात त्यांनी मला तंदूर दिला आणि मजा बघायला स्वतः स्टुलावर बसले. समरकंदच्या बाजारातून मी ठसा आणलाच होता. पहिला नोन निखाऱ्यात पडला.

"बाजी, ये रोटी है या तकिया?" इलियासभाई म्हणाले.

"तकिया असता तर तुम्हाला झोपायला दिला असता. गप बसा."

दुसराही पडला. तिसऱ्या वेळी मी तंदुराच्या तोंडाशी उभी राहून आधी नीट घाबरून घेतलं, मग थापला. तो राहिला. एका बाजूला कलला होता, तीळ सगळे एकीकडे गोळा झाले होते, पण मधे फुगला नाही. इलियासभाईंनी तो उलटसुलट पाहिला, म्हणाले, "चलेगा," आणि मला परत देताना सुलटा दिला.

झोहरा निघाली त्या सकाळी तिने आपल्या दाराच्या उंबऱ्यात उभं राहून त्याचा एक घास घेतला. नीट चावून खाल्ला. उरलेला माझ्या हातात दिला, मैत्रीचा मुका घेतला आणि बॅग ओढत लिफ्टमध्ये गेली. रुपेशने आमच्या स्वयंपाकघराच्या भिंतीला भोक पाडून खिळा ठोकला. खाली त्याच्या उरलेल्या कागदांतला एक लावला आणि ड्रॉइंगवर लिहायचा तशा ठसठशीत अक्षरांत लिहिलं: "झोहरा. एक घास गेला, बाकी शिल्लक. कुणी हात लावू नये." त्याखाली बारीक, खास माझ्यासाठी: "सरिताने तर मुळीच नाही."

पोचल्याच्या दुसऱ्या दिवशी फोन आला. आईचा नोन दोघींनी एका बैठकीत संपवला होता. मोहल्ल्यातल्या बायका येऊन बसल्या, काय काय विचारलं, आणि झोहराने सगळ्यांचे कपडे मापात करून द्यायला घेतले. आता बोलायला कुणाला तोंड नव्हतं, प्रत्येकीचा एक कपडा तिच्याकडे अडकलेला होता. मला ते फार आवडलं. माझ्या हाताखाली ठेवण्यासारखी बाई आहे.

महिना संपला. आईच्या गुडघ्याचं कारण निघालं आणि रजा दोन आठवड्यांनी वाढली. मग "अगले हफ्ते". मी मोजत होते. तीन वेळा झालं. दुकानाच्या मालकाने मला रस्त्यात गाठून विचारलं, "सिस्टर, झोहरा कब?" मी म्हटलं, "इंशाल्ला." बोलल्यावर माझं मलाच हसू आलं.

नोन आता दगड झाला होता. मैत्रीने एकदा बोटाने टकटक वाजवून पाहिला. "आई, आय डोन्ट थिंक शी इज कमिंग. मुंग्या लागतील. टाकू का?"

"हात काढ."

"पण तू तर सगळं टाकतेस. माझा प्रोजेक्टपण टाकला होतास."

"हात काढ म्हटलं ना."

रुपेश चहा पिता पिता म्हणाला, "कुस्करा चांगला होईन त्याचा." मी त्याच्याकडे पाहिलं. त्याने पेपर वर धरला.

त्याच शुक्रवारी दुपारी दोन वाजता, तिकडे चार वाजले असतील, मीच व्हिडिओ लावला. झोहराची आई आणि झोहरा दोघी पडद्यात आल्या, मागे तंदूर पेटलेला. झोहरा सांगू लागली, "आपा, गुस्सा मत होना, अगले हफ्ते..." मी फोन उचलला आणि भिंतीकडे फिरवला.

आईचा चेहरा पडद्याच्या अगदी जवळ आला, नुसतं कपाळ आणि डोळे. ती खिळा, नोन, कडेचा घास, रुपेशचा कागद, सगळं पाहत होती. मग काहीतरी म्हणाली, बरंच लांबलचक.

"काय म्हणतात?" मी विचारलं.

झोहराने सांगितलं, "माताजी कह रही हैं, ऐसे खुला मत टाँगो, सूती कपड़े में रखो. और कपड़ा हर जुम्मे को धोना. बाकी कुछ नहीं करना होता."

फोन ठेवून मी कपाटातून एक पांढरा पंचा काढला आणि धुवायला टाकला.